एका आवाजापासून चाळीस आवाजांपर्यंत: युरोपचं जुनं संगीत ऐकायला शिकताना

बाख आणि मोझार्टच्या आधी युरोपात काय गायलं जात होतं, असं कुतूहल वाटून कुणी शोधायला बसलं की बहुधा तासा-दोन तासांची एक प्लेलिस्ट हाती लागते. संथ, घुमणारी, लॅटिनमधली गाणी एकामागून एक. पंधरा मिनिटांत कान थकतो आणि 'सगळं सारखंच वाटतंय' म्हणून माणूस ते बंद करतो. मला याचं फार वाईट वाटतं, कारण त्या प्लेलिस्टमध्ये बाराव्या शतकातली हिल्डेगार्ड आणि सोळाव्या शतकातला पालेस्त्रीना शेजारी शेजारी बसवलेले असतात आणि त्या दोघांच्या जन्मांत चारशे वर्षांहून जास्त अंतर आहे. ज्ञानेश्वर आणि मोरोपंत यांच्यात साधारण तेवढंच अंतर आहे. ओवी आणि आर्या एका श्वासात वाचून 'सगळं मराठी सारखंच' असं आपण कधी म्हणणार नाही.

म्हणून नवख्या श्रोत्याला मी सनावळीचा तक्ता देत नाही. आवाज मोजायला सांगतो. आधी एक आवाज, मग एका लांबवलेल्या स्वरावर चढलेले दुसरे आवाज, मग एकमेकांच्या मागे जाणारे चार आणि अगदी शेवटी चाळीस. आपला कान एकच चाल आणि तिच्याखालचा तानपुरा यांवर पोसलेला आहे. पहिल्या दोन पायऱ्यांवर त्याचा फायदा होतो. तिसऱ्या पायरीपासून मात्र कानाला नवी सवय लावावी लागते. चार माणसं एकाच वेळी चार वेगळ्या चाली गात असतात आणि त्यांतली कुठलीच 'मुख्य' नसते, ही ती सवय.

बसण्याआधी

एका बैठकीत एकच रचना घ्या, आणि ती तीनदा ऐका. पहिल्यांदा नुसती ऐका. दुसऱ्यांदा शब्द आणि त्यांचा अर्थ समोर ठेवा. तिसऱ्यांदा फक्त एकाच आवाजाचा हात धरून शेवटपर्यंत जा. शक्यतो हेडफोन लावा, कारण मोबाइलच्या स्पीकरवर खालचे आवाज जवळजवळ नाहीसे होतात, आणि या संगीताचा पाया बहुतेक वेळा खालच्या आवाजांतच असतो.

शब्दांची भीती नको. कॅथलिक उपासनेच्या 'मास'मध्ये पाच मजकूर दर वेळी तेच असतात: किरिए, ग्लोरिया, क्रेदो, सांक्तुस आणि आन्युस देई. पहिला ग्रीक, उरलेले चार लॅटिन. संगीतकार 'मास' लिहितो म्हणजे बहुधा या पाच मजकुरांना स्वर देतो. या पाचांचा अर्थ एकदा नीट वाचला की शेकडो रचनांचे शब्द तुमचे झाले. एकच अभंग किती जणांनी किती चालींत बांधला हे ऐकण्यातली गंमत आपल्याला ठाऊक आहेच, ती इथे जशीच्या तशी मिळते.

पायरी १: एकच आवाज

हिल्डेगार्डपासून सुरुवात करा. जर्मनीतल्या ऱ्हाइन नदीच्या परिसरातली ही बाई (१०९८ ते ११७९) लहानपणीच धर्मकार्याला वाहिली गेली, डिझिबोडेनबर्गच्या मठात वाढली, तिथल्या नन्सची प्रमुख झाली आणि पन्नाशीच्या सुमारास आपल्या नन्सना घेऊन बिंगेनजवळ रुपर्ट्सबर्गला तिने स्वतःचा मठ उभारला. तिला दृष्टान्त होत, तिने वनस्पतींवर आणि आजारांवर लिहिलं, पोप आणि सम्राटांना पत्रं पाठवली. आणि सत्तरहून जास्त गाणी रचली. शब्द तिचे, चालीही तिच्याच.

'ओ विर्तुस सापिएन्तिए' हे छोटं गाणं लावा. तिच्या चालींची एक खूण अनेकदा भेटते: आवाज सा वरून एकदम पंचमावर उडी घेतो आणि तिथून वर तार षड्जाकडे सरकतो. त्या काळच्या नेहमीच्या चर्चगायनात आवाज शेजारच्या स्वरांवर पावलं टाकत जाई. हिल्डेगार्ड झेप घेते. मग एकाच अक्षरावर लांबच लांब आकार येतात. सांगीतिक मुक्कामाच्या जागा शोधत ऐका. ती कुठे थांबते, कुठल्या स्वरावर परत येते, एवढंच पाहा.

एक गोष्ट आधीच सांगतो. बऱ्याच रेकॉर्डिंगमध्ये तिच्या गाण्याखाली एक सलग स्वर धरलेला ऐकू येतो. आपल्याला तो अगदी घरचा वाटतो, पण हस्तलिखितात तो नाही. तिथे फक्त एक ओळ आहे. आधारस्वर ही आजच्या गायकांची निवड आहे, आणि मला स्वतःला त्याच्याविना केलेलं गायन जास्त भावतं.

'ओर्दो विर्तुतुम' हे तिचं संगीतनाट्यही आहे. त्यात सद्गुण आणि सैतान एका जीवासाठी झगडतात. सगळे सद्गुण गातात, सैतान मात्र फक्त बोलतो, ओरडतो. त्याला गाता येत नाही. हे तिला किती खरं वाटत होतं ते तिच्या शेवटच्या वर्षांत दिसलं. चर्चने एकदा बहिष्कृत केलेल्या एका सरदाराला तिने मठाच्या भूमीत पुरू दिलं. बहिष्कार आधीच उठला होता असं तिचं म्हणणं होतं. माइन्झच्या धर्माधिकाऱ्यांनी मठावर बंदी घातली: उपासना दारं लावून, हलक्या आवाजात नुसती वाचायची, गायची नाही. ऐंशीच्या घरातल्या हिल्डेगार्डने त्यांना पत्र लिहिलं. गाणं म्हणजे आदमने गमावलेल्या स्वर्गीय आवाजाची आठवण आहे, आणि योग्य कारणाविना देवाची स्तुती बंद पाडणाऱ्यांना स्वर्गातल्या देवदूतांच्या गायनात जागा मिळणार नाही, असा त्या पत्राचा आशय आहे. ११७९ मध्ये बंदी उठली. त्याच वर्षी सप्टेंबरात ती गेली. हे वाचून पुन्हा ते गाणं लावा.

इथेच स्वरलिपीबद्दल दोन शब्द. हिल्डेगार्डच्या शंभरेक वर्षं आधी इटलीत ग्विदो नावाच्या एका साधूने, आरेत्सो गावच्या गायक मुलांना शिकवताना, रेघांवर स्वर लिहिण्याची पद्धत पक्की केली. स्वर ध्यानात राहावेत म्हणून त्याने संत जॉनचं एक स्तोत्र घेतलं. त्याची प्रत्येक ओळ आधीच्यापेक्षा एक स्वर वर सुरू होते, आणि त्या ओळींची पहिली अक्षरं आहेत उत, रे, मी, फा, सोल, ला. 'उत'चा पुढे 'दो' झाला. हीच परंपरा पोर्तुगीजांबरोबर गोव्यात आली. चर्चच्या शाळांमध्ये मुलं सोल्फा आणि व्हायोलिन शिकत, आणि त्यांतून तयार झालेले कितीतरी वादक पुढे मुंबईच्या सिनेसंगीताच्या वाद्यवृंदांत समोर कागद ठेवून वाजवू लागले. ग्विदोची ही सहा अक्षरं लक्षात ठेवा, पुढे जोस्कँ त्यांच्याशी खेळणार आहे.

पायरी २: लांबवलेला स्वर आणि त्यावरचं नाचणं

आता पॅरिस. नोत्र-दाम कॅथीड्रलचं बांधकाम ११६३ च्या सुमारास सुरू झालं आणि भिंती चढत असतानाच तिथल्या गायकांनी जुन्या चालींवर नवे आवाज चढवले. यातली दोन नावं आपल्यापर्यंत आली, लेओनिनुस आणि पेरोतिनुस, तीही एका इंग्रज विद्यार्थ्याच्या टिपणांमुळे. त्या विद्यार्थ्याचं स्वतःचं नाव राहिलं नाही, अभ्यासक त्याला 'चौथा अनामिक' म्हणतात. पेरोतिनुस कुठे जन्मला, कसा जगला, यातलं काहीही हाती नाही. उरलं ते संगीत.

त्याची 'विदेरुंत ओम्नेस' ऐका, दहा-बारा मिनिटांची. पॅरिसच्या बिशपच्या ११९८ च्या एका आदेशात नाताळच्या दिवसांतलं गायन तीन-चार आवाजांत करण्याची परवानगी आहे, म्हणून ही रचना त्याच सुमाराची मानतात. सगळ्यात खालचा आवाज जुनी चाल गातो, पण इतकी ताणून की पहिल्या 'वि' या एका अक्षरावरच बराच वेळ जातो. वरचे तीन आवाज त्या स्वरावर लांब-आखूड, लांब-आखूड अशा तिहेरी लयीत झोके घेत राहतात.

तिसऱ्या ऐकण्यात वरच्या आवाजांकडे लक्ष देऊ नका. खालचा स्वर धरा आणि तो कधी बदलतो याची वाट पाहा. तो बदलला की सगळी इमारत एकदम सरकल्यासारखी वाटते. तानपुऱ्याचा षड्ज मैफलभर हलत नाही, इथला पायाच हळूहळू चालतो आहे, हा फरक कानाला एकदा उमगला की ही पायरी झाली.

पायरी ३: माशो, आणि कानाला टोचणारे स्वर

गीयोम द माशो (सुमारे १३०० ते १३७७) याचं आयुष्य पेरोतिनुससारखं अंधारात नाही, ते आपल्याला बऱ्यापैकी दिसतं. तो कवी म्हणूनही तेवढाच मोठा होता. बोहेमियाचा राजा जॉन याचा तो चिटणीस होता. हा राजा पुढे आंधळा झाला आणि तशाही अवस्थेत १३४६ च्या क्रेसीच्या लढाईत उतरून मारला गेला. माशो रेम्सच्या कॅथीड्रलमध्ये स्थिरावला. १३४९ ची प्लेग तिथे आली तेव्हा तो घराचं दार लावून आत राहिला, आणि ते दिवस त्याने एका दीर्घ कवितेत लिहून ठेवले. म्हातारपणी स्वतःच्या कविता आणि गाणी सुंदर हस्तलिखितांत एकत्र करून घेण्याची काळजी त्याने घेतली. म्हणूनच त्याचं काम आज आपल्या हाती इतकं पूर्ण आहे.

त्याच्याकडे जाताना आधी 'दूस दाम जोली' घ्या. एका आवाजाचं, ठेक्याचं प्रेमगीत आहे, दुसऱ्यांदा ऐकताना गुणगुणायला लागाल. मग 'मा फँ ए मों कोमांसमां', म्हणजे 'माझा शेवट हीच माझी सुरुवात'. तीन आवाज आहेत. त्यांतला एक आवाज दुसऱ्याची चाल उलट, शेवटाकडून सुरुवातीकडे गातो. तिसरा मध्यापर्यंत जातो आणि आल्या पावली परत फिरतो. हे डोक्याचं कोडं असूनही ऐकायला ते अवघडलेलं वाटत नाही, याचं मला अजून नवल वाटतं.

त्यानंतरच 'मेस द नोत्र दाम' ऐका. पाचही मजकूर एकाच ज्ञात संगीतकाराने एकसंध रचल्याचं हे सर्वांत जुनं पूर्ण उदाहरण आहे. चार आवाज. इथे नवख्यांची हमखास अडचण होते: मध्येच स्वर एकमेकांवर घासतात, काही ठिकाणी अक्षरशः टोचतात. गायक चुकत नाहीयेत. त्या काळी पूर्ण विसावा म्हणजे षड्ज, पंचम आणि तार षड्ज. सा-ग ही जोडी गोड असली तरी तिच्यावर मुक्काम करत नसत. वाक्य संपताना आवाज आधी ताणतात आणि मग त्या रिकाम्या, स्वच्छ सा-प वर येऊन उभे राहतात. ती टोच विसाव्यासाठीच केलेली आहे. फक्त किरिए घ्या, आणि प्रत्येक वाक्याच्या शेवटी कुठे येऊन थांबतात तेवढं ऐका.

या मासची दोन वेगळी रेकॉर्डिंग जरूर ऐका. एक हिलियर्ड आँसांब्लचं, शांत आणि नितळ. दुसरं आँसांब्ल ऑर्गानुमचं, भरदार छातीच्या आवाजांचं, गमकांसारख्या हरकती घेणारं. दोन्ही ऐकल्यावर ही एकच रचना आहे यावर विश्वास बसत नाही. हस्तलिखितात लय किती, पट्टी कुठली, किती गायक, यातलं काहीच लिहिलेलं नाही. त्यामुळे या संगीताचं प्रत्येक सादरीकरण हा एक अंदाज असतो, आणि रेकॉर्डिंग आवडलं नाही तर रचनेला दोष देण्याआधी दुसरं शोधावं.

फ्लॉरेन्सचा फ्रान्चेस्को लांदिनी इथे ओझरता भेटून घ्या. लहानपणी देवी येऊन तो आंधळा झाला, तरी सान लोरेन्सो चर्चमध्ये ऑर्गन वाजवत राहिला. १३९७ मध्ये तो गेला, आणि त्याच्या थडग्याच्या दगडावर तो हातातला छोटा ऑर्गन घेऊन कोरलेला आहे. 'एको ला प्रिमावेरा' हे त्याचं वसंताचं गाणं दीड-दोन मिनिटांचं आहे.

पायरी ४: द्युफाय

इथे घाई करू नका. माझ्या मते नवखा माणूस या संगीताच्या प्रेमात पडतो तो बहुधा द्युफायपाशी, आणि माझंही तसंच झालं.

गीयोम द्युफाय (सुमारे १३९७ ते १४७४) हा अविवाहित आईचा मुलगा. उत्तर फ्रान्समधल्या काँब्रेच्या कॅथीड्रलमध्ये बालगायक म्हणून आला आणि तिथून इटलीतले दरबार, पोपचं गायकवृंद असं करत साऱ्या युरोपात नावाजला गेला. सही करताना तो आपल्या नावातल्या 'फा' अक्षराच्या जागी चक्क स्वरचिन्ह काढत असे. त्याच्या आधीच्या पिढीत इंग्लंडहून, विशेषतः जॉन डन्स्टेबलच्या संगीतातून, एक नवी गोडी आली होती: सा-ग, ग-प या जोड्या आता लाजत नव्हत्या. माशोच्या रिकाम्या सा-प नंतर लगेच द्युफाय लावलात तर खोलीत ऊन आल्यासारखं वाटेल.

२५ मार्च १४३६ ला फ्लॉरेन्सच्या कॅथीड्रलचं पवित्रीकरण झालं. वर ब्रुनेलेस्की या वास्तुकाराचा प्रचंड घुमट पूर्णत्वाला येत होता, आणि त्या सोहळ्यासाठी द्युफायने 'नूपेर रोझारुम फ्लोरेस' लिहिलं. खालचे दोन आवाज एकच जुनी चाल पंचमाच्या अंतराने गातात, आणि ती चाल चार वेळा, दर वेळी वेगळ्या गतीने येते. त्या गतींचं प्रमाण ६:४:२:३ असं आहे. हे घुमटाचं माप आहे की बायबलमधल्या सॉलोमनच्या मंदिराचं, यावर अभ्यासक भांडत असतात. तुम्ही तो वाद बाजूला ठेवा आणि खालचे आवाज कधी येतात, कधी गप्प होतात, ते ऐका.

पुढचा अभ्यास मी प्रत्येकाला करायला लावतो. द्युफायचं एक प्रेमगीत आहे, 'स ला फास ए पाल', म्हणजे 'माझा चेहरा फिकट असेल तर त्याचं कारण प्रेम'. ते आठवडाभर रोज एकदा ऐका, चाल पाठ होईपर्यंत. त्यातल्या तेनोर या आवाजाची, म्हणजे पायाची चाल धरणाऱ्या आवाजाची, ओळ विशेष लक्षात ठेवा. मग याच नावाचा त्याचा मास घ्या. तो या गाण्याच्या तेनोरवर उभा आहे. ग्लोरियामध्ये ती ओळ आधी तिप्पट संथ येते, मग दुप्पट संथ, आणि तिसऱ्यांदा मूळ गतीत. पहिल्या वेळी ओळखू येत नाही. तिसऱ्या वेळी ते प्रेमगीत प्रार्थनेच्या पोटातून उघड बाहेर येतं आणि आपण नकळत सरसावून बसतो.

शेवटी त्याचं 'आवे रेजिना चेलोरुम', चार आवाजांचं. मेरीच्या जुन्या स्तोत्रात त्याने स्वतःच्या ओळी घातल्या आहेत: 'तुझ्या या मरणाऱ्या द्युफायवर दया कर'. संगीत प्रसन्न चाललेलं असतं आणि 'मिसेरेरे' या शब्दावर शुद्ध गांधाराच्या जागी एकदम कोमल गांधार येतो. आपल्या कानाला ते फार लवकर कळतं. मृत्युपत्रात त्याने लिहून ठेवलं होतं की आपण अखेरच्या घटका मोजत असताना कॅथीड्रलच्या मुलांनी आणि गायकांनी खाटेपाशी येऊन हे गावं. २७ नोव्हेंबर १४७४ ला तो गेला तेव्हा तेवढा वेळच मिळाला नाही. त्याच्या अंत्यविधीत ते गायलं गेलं.

पायरी ५: एकमेकांच्या मागून येणारे आवाज

जोस्कँ दे प्रे (सुमारे १४५० ते १५२१) याच्या 'आवे मारिया, वीर्गो सेरेना' साठी कागद आणि पेन्सिल घ्या. चार आडव्या रेघा ओढा, वरची सर्वांत उंच आवाजाची, खालची सर्वांत खर्जाची. गाणं सुरू झालं की वरचा आवाज एक छोटं वाक्य गातो. तो संपतो न संपतो तोच दुसरा तेच वाक्य घेतो, मग तिसरा, मग चौथा. ज्या रेघेचा आवाज आला तिच्यावर ठिपका द्या. पहिल्या मिनिटात तुमच्या कागदावर वरून खाली उतरणारा जिना तयार होईल. पुढे कधी दोनच आवाज बोलतात, उरलेले दोन त्यांना उत्तर देतात, मधेच सगळे तिहेरी लयीत एकत्र येतात. अगदी शेवटी सगळी गुंफण थांबते आणि चौघं मिळून, लांब स्वरांत, साध्या शब्दांत म्हणतात: 'हे देवमाते, माझी आठवण ठेव'. 'आमची' म्हटलेलं नाही, 'माझी' म्हटलं आहे. रेघांचा हा कागद तुम्ही एकदा केलात की पालेस्त्रीनापासून बर्डपर्यंत कुणाचंही संगीत उलगडायची किल्ली मिळते.

जोस्कँचा स्वभाव १५०२ च्या एका पत्रातून कळतो. फेरारा शहराच्या ड्यूकला गायकवृंदासाठी प्रमुख हवा होता. त्याच्या हस्तकाने कळवलं की हाइनरिख इझाक नावाचा संगीतकार घ्यावा: तो मिळूनमिसळून वागतो आणि नव्या रचना पटापट करतो. जोस्कँ जास्त चांगला आहे खरा, पण त्याच्या मनात येईल तेव्हाच लिहितो, आणि इझाक १२० दुकात (सोन्याची नाणी) मागतो तिथे हा २०० मागतो. ड्यूकने जोस्कँला बोलावलं.

या ड्यूकच्या नावावर जोस्कँचा एक मास आहे. 'हेर्कुलेस दुक्स फेरारिए' या नावातले स्वर काढले की ए-उ-ए-उ-ए-आ-ई-ए असे येतात. ग्विदोच्या अक्षरांतून त्यांना जुळणारी निवडली की चाल होते रे उत रे उत रे फा मी रे. आपल्या भाषेत रे सा रे सा रे म ग रे. हे पेटीवर वाजवून बघा आणि मग मास ऐका, तेनोर जवळजवळ दुसरं काही गातच नाही. ड्यूकचं नाव प्रार्थनेत आरंभापासून शेवटपर्यंत घुमत राहतं.

जुना गुरुतुल्य संगीतकार ओकेगेम १४९७ मध्ये वारला तेव्हा जोस्कँने 'नँफ दे ब्वा' हे शोकगीत लिहिलं. बाकीचे आवाज फ्रेंचमध्ये विलाप करतात, तेनोर लॅटिनमध्ये मृतांसाठीची प्रार्थना गातो. मूळ प्रतीत सगळे स्वर काळ्या शाईने भरलेले आहेत, जणू कागदानेच सुतक पाळलं आहे. मजकुरात जोस्कँ, ब्रूमेल, पिएर्शों, काँपेर या चौघांची नावं घेऊन त्यांना शोकवस्त्रं नेसायला सांगितलं आहे.

सूचना एकच. व्हेनिसमध्ये पेत्रुची नावाच्या मुद्रकाने १५०१ पासून बहुस्वरीय, म्हणजे एकाच वेळी अनेक आवाजांचं, संगीत छापायला सुरुवात केली, आणि जोस्कँचं नाव इतकं खपायला लागलं की तो गेल्यावर छापखान्यांनी इतरांच्या रचनाही त्याच्या नावावर लावल्या. 'जोस्कँ मेल्यावर जास्त लिहायला लागला' असं तेव्हाच लोक म्हणत. त्यामुळे एखाद्या रचनेच्या कर्त्याबद्दल शंका नोंदवलेली दिसली तर गोंधळू नका.

शोधण्याबद्दल

ही नावं रोमन लिपीत अनेक प्रकारे लिहितात. द्युफाय एका शब्दात आणि दोन शब्दांतही सापडतो, सोळाव्या शतकातला संगीतकार लासो लॅटिन रूपात लासुस होतो, डन्स्टेबलच्या नावात कधी 'बी' असतो कधी 'पी'. एका रूपाने मिळालं नाही तर दुसऱ्याने शोधा. गायकवृंदांची नावं लक्षात ठेवली तर निवड सोपी होते: हिल्डेगार्डसाठी सेक्वेन्शिया आणि गॉथिक व्हॉइसेस, सोळाव्या शतकासाठी टॅलिस स्कॉलर्स. स्वरलिपी वाचता येत असेल, किंवा शिकायची असेल, तर आयएमएसएलपी आणि सीपीडीएल या संकेतस्थळांवर या रचनांच्या प्रती मोफत मिळतात. माशोची मूळ हस्तलिखितं फ्रान्सच्या राष्ट्रीय ग्रंथालयाच्या गॅलिका या संकेतस्थळावर पानन् पान पाहता येतात. चार मित्र गाणारे असतील तर सीपीडीएलवरून इंग्लंडच्या टॅलिसचं 'इफ यी लव्ह मी' उतरवून घ्या. इंग्रजीत आहे, छोटं आहे, आणि दोन आठवड्यांच्या सरावात हौशी मंडळींनाही जमतं. गाऊन जे कळतं ते ऐकून कधीच कळत नाही.

पायरी ६: सोळावं शतक, आपल्या प्रकृतीप्रमाणे

इथून पुढे वाटा फुटतात, सगळ्या एकदम चालायची गरज नाही.

स्वच्छ आणि समतोल आवडत असेल तर पालेस्त्रीना. त्याने 'मिस्सा पापे मार्चेली' लिहून चर्चमधलं बहुस्वरीय संगीत बंदीपासून वाचवलं, ही गोष्ट सगळीकडे वाचायला मिळते. ती नंतरच्या पिढीने रंगवलेली आहे. खरं एवढंच की ज्या पोप मार्चेलुसचं नाव त्या मासला आहे तो १५५५ मध्ये अवघे २२ दिवस पोप होता, आणि शब्द नीट ऐकू यावेत असं त्याने गायकांना बजावलं होतं. त्या मासचा क्रेदो ऐका, लांबलचक मजकूर असूनही शब्दन् शब्द कळतो. त्याचं आयुष्य मात्र समतोल नव्हतं. साथीच्या रोगांत भाऊ, दोन मुलगे आणि पत्नी गेली. तो धर्मगुरू व्हायला निघाला, आणि मग १५८१ मध्ये एका श्रीमंत फर व्यापाऱ्याच्या विधवेशी लग्न करून तो व्यापारही सांभाळू लागला.

दुःखाची धार हवी असेल तर स्पेनचा तोमास लुईस दे विक्तोरिया, त्यातही १६०५ मध्ये छापलेलं त्याचं 'ओफिसियुम देफुंक्तोरुम'. तो ज्या सम्राज्ञी मारियाच्या सेवेत होता तिच्या मृत्यूनंतर त्याने हे लिहिलं. घरगुती, प्रेमाची, कवितेची वाट हवी असेल तर इटालियन माद्रिगाल, म्हणजे कवितांवर बांधलेली अनेक आवाजांची गाणी. तिथे माद्दालेना काझुलानाला विसरू नका. १५६८ मध्ये व्हेनिसला तिचं पुस्तक छापून आलं, स्वतःच्या नावाने संगीत छापणारी ती पहिली ज्ञात स्त्री. बुद्धीची देणगी फक्त आपल्यालाच आहे असं मानणाऱ्या पुरुषांची चूक जगाला दाखवायची आहे, असं तिने अर्पणपत्रिकेतच स्पष्ट लिहिलं.

मी स्वतः वळतो ते इंग्लंडकडे. थॉमस टॅलिस (सुमारे १५०५ ते १५८५) वॉल्टहॅमच्या मठात गायक-वादक होता. १५४० मध्ये आठव्या हेन्रीने तो मठ बंद केला. त्यानंतर हेन्री, एडवर्ड, मेरी, एलिझाबेथ अशा चार राज्यकर्त्यांच्या राजगायकवृंदात त्याने काम केलं, आणि दर वेळी धर्माचं वारं कॅथलिक-प्रोटेस्टंट असं फिरलं. एडवर्डच्या काळात इंग्रजीत, साधं, एका अक्षराला एक स्वर. मेरीच्या काळात पुन्हा भव्य लॅटिन. त्याचा शिष्यवत सहकारी विल्यम बर्ड उघड कॅथलिक राहिला. कॅथलिक मास करणं गुन्हा असताना १५९० च्या दशकात त्याने तीन, चार आणि पाच आवाजांचे तीन मास छापले. त्यांना मुखपृष्ठ नाही, साल नाही, मुद्रकाचं नाव नाही. ते मोठ्या चर्चसाठी लिहिलेले नाहीत, कॅथलिक जमीनदारांच्या घरात, दारं बंद करून, मोजक्या माणसांनी गाण्यासाठी आहेत. चार आवाजांच्या मासचा आन्युस देई लावा. शेवटचे शब्द आहेत 'आम्हाला शांती दे'. त्या शब्दांवर आवाज एकामागून एक स्वर अडकवून ठेवतात, एक सुटतो तेव्हा दुसरा अडकलेला असतो. हे लोक ती शांती कशासाठी मागत होते हे ठाऊक असेल तर तिथे डोळे भरून येतात.

टॅलिसची वाट सोडण्याआधी 'स्पेम इन आलिउम'. सुमारे १५७० ची रचना, चाळीस आवाज, पाच-पाच जणांचे आठ गट, आणि चाळीसही जण आपापली वेगळी ओळ गातात. ही शेवटी ठेवा, आणि हेडफोनवर, डोळे मिटून ऐका. इथे रेघा ओढू नका, चाळीस आवाज कुणाच्याच कानात मावत नाहीत. सुरुवात एका आवाजाने होते, गट एकामागून एक जागे होतात आणि आवाज तुमच्या एका बाजूकडून दुसऱ्या बाजूला सरकत जातो. शेवटाकडे सगळे एकदम थांबतात. क्षणभर काहीच नाही. मग चाळीसही जण एकत्र 'रेस्पिचे' म्हणतात, 'आमच्याकडे बघ'. त्या शांततेच्या आधी आवाज वाढवून ठेवू नका.